पोलीस-थरार शो पाहताना: घड्याळ धरा, हात बघा, कात्री ओळखा

पोलिसांच्या झटापटीचा व्हिडिओ बहुतेक वेळा उशिरा सुरू होतो आणि लवकर संपतो. गाडी अडवलेली असते, आवाज चढलेले असतात, मग पळापळ, टेझर (विजेचा झटका देणारं हत्यार), बेड्या आणि जाहिरात. गाडी का अडवली आणि पुढे त्या माणसाचं काय झालं, या दोन्ही गोष्टी चौकटीबाहेर राहतात. अमेरिकेतले असे शो आणि यूट्यूबवरचे बॉडीकॅमचे (पोलिसाच्या अंगावरच्या कॅमेऱ्याचे) व्हिडिओ आपल्याकडेही आवडीने पाहिले जातात आणि खाली प्रतिक्रियांमध्ये उंटावरून शेळ्या हाकणंही जोरात चालतं. मत जरूर बनवा. पण त्याआधी व्हिडिओ कसा तपासायचा ते खाली दिलं आहे.

आधी कात्री कुणाच्या हातात होती ते बघा

या प्रकाराचे तीन ढोबळ नमुने आहेत आणि तिघांत काटछाट वेगवेगळ्या ठिकाणी होते.

पहिला नमुना 'कॉप्स'चा. ११ मार्च १९८९ रोजी फॉक्सवर सुरू झालेला हा शो आधी फ्लोरिडातल्या ब्रॉवर्ड काउंटीत (काउंटी म्हणजे आपल्या जिल्ह्यासारखा विभाग) चित्रित झाला. त्यात निवेदक नाही, सूत्रधार नाही. गस्तीच्या गाडीत कॅमेरा धरणारा एक आणि आवाज टिपणारा एक अशी दोघांची टीम बसते. जाहिराती वगळून सुमारे २२ मिनिटांच्या भागात साधारण तीन प्रसंग येतात. निवेदक नसल्यामुळे हे कोरं वास्तव आहे असं वाटतं, पण तासन्‌तासांच्या चित्रीकरणातून ती काही मिनिटं निवडलेली असतात आणि प्रसारणाआधी पोलीस खात्याला फुटेज बघायला मिळतं. बेड्या घातलेल्या माणसाचा चेहरा स्पष्ट दिसत असेल तर सहसा त्याने संमतीपत्रावर सही केलेली असते. धूसर असेल तर बहुधा केलेली नसते. रस्त्यावर बेड्यांत किंवा नशेत असलेल्या माणसाची संमती कितपत खरी मानायची, हा प्रश्न इथे रास्त आहे.

दुसरा नमुना 'थेट' प्रक्षेपणाचा. 'लाइव्ह पीडी' ऑक्टोबर २०१६ पासून जून २०२० पर्यंत ए अँड ई वाहिनीवर चालला. त्याच धाटणीचा 'ऑन पेट्रोल: लाइव्ह' जुलै २०२२ मध्ये रील्झ वाहिनीवर आला. थेट म्हटलं तरी चित्र काही मिनिटं मागे असतं आणि एकाच वेळी अनेक खात्यांकडून येणाऱ्या चित्रांपैकी कोणतं दाखवायचं हे स्टुडिओ ठरवतो. एखाद्या प्रसंगातून अचानक स्टुडिओत उडी मारली गेली, तर ती वेळ नोंदवून ठेवा. कंटाळवाणं झालं म्हणून सोडलं की बिघडलं म्हणून सोडलं, ते पडद्यावरून कळत नाही.

तिसरा नमुना खात्याने स्वतः प्रसिद्ध केलेल्या बॉडीकॅम व्हिडिओचा. गोळीबारासारख्या घटनेनंतर येणाऱ्या अशा व्हिडिओत अनेकदा आधी आणीबाणीच्या ९११ क्रमांकावर आलेला फोन ऐकवतात, मग एखादा अधिकारी समजावून सांगतो आणि संशयिताच्या हातातल्या वस्तूभोवती लाल वर्तुळ काढलेलं असतं. ते वर्तुळ नंतर काढलेलं आहे, घटनास्थळी ते नव्हतं. वर्तुळाशिवायचा मूळ तुकडा मिळाला तर तोच आधी पाहा.

तीनदा पाहा

पहिल्यांदा आवाज बंद करून. वही घ्या आणि फक्त वेळा लिहा: पोलीस गाडीतून उतरला, पहिलं शस्त्र बाहेर आलं, पहिला स्पर्श, पहिला बळाचा वापर, बेड्या लागल्या, माणसाला उठवून बसवलं. या सहा नोंदी पुरेशा आहेत. पार्श्वसंगीत आणि आरडाओरडा गेला की बरेच प्रसंग वाटले होते त्यापेक्षा खूप छोटे निघतात. उतरल्यापासून बळ वापरेपर्यंत दहा सेकंदही गेले नसतील, तर बोलून मार्ग काढायला वाव होता का, हा प्रश्न तिथेच उभा राहतो.

दुसऱ्यांदा स्क्रीन झाकून, फक्त कानांनी. कोण काय हुकूम देतोय ते शब्दशः लिहा. प्रशिक्षणात शिकवतात की एकाने बोलायचं, दुसऱ्याने नजर ठेवायची. प्रत्यक्षात एक जण 'हलू नकोस' ओरडतो, दुसरा 'हात वर कर', तिसरा 'जमिनीवर झोप'. तिन्ही एकदम पाळणं कुणालाच शक्य नाही. 'हुकूम मानला नाही' असं व्हिडिओखाली लिहिलेलं असेल, तर नेमका कोणता हुकूम ते तुमच्या वहीत सापडलं पाहिजे. पोलिसाच्या कानात रेडिओचा इअरपीस असेल, तर त्याला मिळालेली माहिती, म्हणजे 'गाडी चोरीची आहे', 'त्याच्याकडे पिस्तूल आहे' वगैरे, आपल्याला मुळीच ऐकू येत नाही हेही धरून चला.

तिसऱ्यांदा चित्र आणि आवाज एकत्र, पूर्ण वेगाने. स्लो मोशनचा मोह टाळा. २०१६ मध्ये प्रसिद्ध झालेल्या एका अमेरिकी अभ्यासात आढळलं की तेच कृत्य संथ गतीत पाहिलं की पाहणाऱ्याला ते जास्त जाणूनबुजून केलेलं वाटतं, कारण विचार करायला वेळ होता असा भास होतो. हा भास दोन्ही बाजूंना लागू होतो: गोळी झाडणाऱ्या पोलिसाला आणि कमरेकडे हात नेणाऱ्या माणसालाही. हातात काय आहे एवढं बघायला एखादी फ्रेम थांबवावी, पण हेतू ठरवायला नव्हे.

बॉडी कॅमेऱ्याच्या खोड्या

व्हिडिओची पहिली ३० सेकंदं मुकी असतील तर आवाज कुणी कापला असा आरोप लगेच होतो. बहुतेक वेळा कारण साधं असतं. ॲक्सॉनसारख्या कंपन्यांचे कॅमेरे सतत मागचा थोडा भाग साठवत असतात. पोलिसाने बटण दाबलं की तो भाग फाइलच्या सुरुवातीला जोडला जातो. मूळ सेटिंगमध्ये हा भाग ३० सेकंदांचा आणि विनाआवाजाचा असतो. खात्याला तो बदलता येतो. म्हणजे आवाज जिथे सुरू होतो तो बटण दाबल्याचा क्षण. तो पहिल्या स्पर्शाच्या आधी आहे की नंतर, हे लिहून ठेवा. उशिरा दाबलेलं बटण ही तपासण्यासारखी बाब आहे, मुकी सुरुवात नाही.

कोपऱ्यातल्या वेळेकडेही नीट बघा. शेवटी झेड हे अक्षर असेल तर ती जागतिक प्रमाणवेळ असते, स्थानिक नव्हे. न्यूयॉर्क किंवा फ्लोरिडाच्या बहुतांश भागासाठी हिवाळ्यात ५ आणि उन्हाळ्यात ४ तास वजा करा. टेक्सासच्या बहुतांश भागासाठी ६ आणि ५. रात्री साडेनऊला घडलेल्या प्रसंगावर दुसऱ्या दिवशीची तारीख दिसते ती यामुळे, आणि 'तारीख बदलली, व्हिडिओ बनावट' ही ओरड यातूनच निघते.

कॅमेरा छातीवर असतो, डोळ्यांत नाही. पोलिसाने दोन्ही हात पुढे करून पिस्तूल धरलं की भिंग अर्धं झाकलं जातं, म्हणजे नेमक्या निर्णायक क्षणी. तो कठड्याआड उभा राहून डोकं बाहेर काढतो तेव्हा त्याला रस्ता दिसतो आणि आपल्याला कठडा. भिंग रुंद कोनाचं असल्याने अंतरं खऱ्यापेक्षा जास्त भासतात. चार पावलांवरचा माणूस लांब वाटतो. झटापटीत कॅमेरा इतका हिंदकळतो की साधी धरपकडही तुंबळ मारामारी वाटते. शिवाय ज्याच्या छातीवर कॅमेरा आहे तो स्वतः चित्रात नसतो. २०१९ च्या एका अभ्यासात तोच प्रसंग बॉडीकॅममधून पाहणाऱ्यांनी डॅशकॅमवर (पोलिसांच्या गाडीत पुढे लावलेल्या कॅमेऱ्यावर) पाहणाऱ्यांपेक्षा पोलिसाच्या कृतीत कमी हेतू पाहिला. म्हणून शक्य तिथे दुसऱ्या पोलिसाचा कॅमेरा, गाडीचा डॅशकॅम किंवा रस्त्यावरच्या कुणी काढलेलं चित्रण शोधा. दोन कोन हाती असल्याशिवाय 'त्याने आधी धक्का दिला' असं ठामपणे लिहू नये.

गाडी अडवल्यावर

साध्या अडवणुकीत पोलिसाची गाडी मागे, जरा बाजूला सरकवून उभी असते आणि पोलीस ड्रायव्हरच्या खांद्यामागे थांबतो, म्हणजे ड्रायव्हरला मान वळवावी लागते. चालत जाताना तो मागच्या दिव्याला किंवा डिकीला हात लावताना दिसला तर ती जुनी सवय आहे: डिकी बंद आहे ना हे बघणं आणि बोटांचे ठसे सोडणं.

जोखमीची अडवणूक वेगळी दिसते. पोलीस आपल्या गाडीच्या आडोशालाच थांबतात. इंजिन बंद करायला लावतात, हात खिडकीबाहेर, बाहेरून दार उघडायला, पाठमोरं मागे चालत यायला, शर्ट वर करून कंबर दाखवत गोल फिरायला सांगतात. हे सगळं संथ आणि रटाळ असतं, आणि तसंच असायला हवं. म्हणूनच शोमध्ये ते फारसं दिसत नाही. उलट एखादा पोलीस चालू गाडीच्या खिडकीतून आत हात घालतो किंवा पायरीवर चढतो तेव्हा चित्र जबरदस्त येतं आणि धोका त्याने स्वतःच ओढवून घेतलेला असतो.

कायद्याची चौकट इथे माहीत असावी. अमेरिकी सर्वोच्च न्यायालयाच्या १९८९ च्या 'ग्रॅहम विरुद्ध कॉनर' निकालानुसार बळाचा वापर घटनास्थळावरच्या समंजस पोलिसाच्या नजरेतून तोलायचा, मागाहून सुचलेल्या शहाणपणातून नव्हे. गुन्हा किती गंभीर, धोका किती तातडीचा, माणूस विरोध करत होता किंवा पळत होता का, हे बघायचं. पण मोजायला सुरुवात कुठून करायची? टेक्सासमध्ये २०१६ साली टोल थकबाकीच्या नोंदीवरून अडवलेल्या गाडीच्या दारात एक पोलीस चढला आणि त्याने गोळ्या झाडल्या. खालच्या न्यायालयाने तो गाडीला लटकत होता तेवढेच सुमारे दोन सेकंद विचारात घेतले. मे २०२५ मध्ये 'बार्न्स विरुद्ध फेलिक्स' खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने एकमताने सांगितलं की आधीची सगळी परिस्थितीही बघावी लागेल. प्रेक्षकालाही तोच नियम लावता येतो: गोळीपासून मागे जा आणि अडवण्याचं कारण सापडेपर्यंत थांबू नका.

टेझर: डोळ्यांपेक्षा कान

टेझर 'चालला नाही' म्हणून पिस्तूल काढलं, हे वाक्य पोलीस अहवालांत वारंवार येतं. ते खरं आहे का हे बऱ्याचदा व्हिडिओतच ऐकू येतं.

टेझर तारेला जोडलेल्या दोन सुया फेकतो. दोन्ही शरीराला लागल्या तरच परिपथ पूर्ण होतो. एकदा ट्रिगर दाबला की प्रवाह ५ सेकंद चालतो, ट्रिगर धरून ठेवला तर जास्त. स्नायू आखडून माणूस पडायला दोन सुयांमध्ये साधारण ३० सेंटिमीटर अंतर हवं. जुन्या काडतुसांत सुया दर ७ फुटांमागे सुमारे १ फूट फाकतात, म्हणजे दोन मीटरच्या आतून मारलं तर अंतर कमी पडतं आणि माणूस नुसता कळवळतो, पडत नाही. जाड जॅकेट, लोंबता शर्ट, हुकलेली एक सुई आणि धावताना तुटलेली तार ही बाकीची कारणं.

आता आवाज. परिपथ जुळलेला असेल तर टेझर दबका टकटक करतो. ठणठणीत, कडकडणारा आवाज सलग येत असेल तर ठिणगी हवेतच उडतेय आणि माणसाला काही लागलेलं नाही, असं बहुधा समजावं. कडकडाट असून 'पाच वेळा शॉक देऊनही तो उठला, नशेत असणार' असं निवेदन चालू असेल, तर नशेचा तर्क बाजूला ठेवा. आणि आवाज दबका असताना ट्रिगर पुन्हा पुन्हा दाबला जात असेल, तर आखडलेला माणूस 'हात मागे घे' हा हुकूम पाळू शकत नाही हे लक्षात घ्या. ५ सेकंदांच्या फेऱ्या मोजा. नुसत्या संख्येपेक्षा दोन फेऱ्यांमध्ये हात मागे घ्यायला किती वेळ दिला ते महत्त्वाचं आहे. नव्या टेझर १० मध्ये सुया एकेक सुटतात आणि जुना कडकडाट नाही, त्यामुळे ही कानाची युक्ती तिथे लावू नका.

कुत्रा सोडला असेल तेव्हाही तेच. चावा घट्ट धरून ठेवायला शिकवलेल्या कुत्र्याच्या तोंडात हात असताना माणूस हात झटकणारच. हात रिकामे दिसल्यापासून कुत्रा सोडवेपर्यंतची सेकंदं मोजा.

चाकू आणि २१ फूट

चाकूच्या प्रसंगाखाली '२१ फुटांचा नियम' हमखास येतो. सॉल्ट लेक सिटीचे पोलीस प्रशिक्षक डेनिस ट्युलर यांनी १९८३ च्या लेखात मांडलं होतं की सुमारे २१ फूट, म्हणजे ६.४ मीटर, अंतर माणूस दीड सेकंदात धावून येतो आणि पिस्तूल काढून झाडायला तेवढाच वेळ लागतो. तो इशारा होता: आडोसा घ्या, मागे सरका. तो पुढे 'इतक्या आत आला की गोळी घाला' असा फिरवला गेला. पोलीस एक्झिक्युटिव्ह रिसर्च फोरम या संघटनेने २०१६ मध्ये तो मोडीत काढून अंतर, आडोसा आणि वेळ यांवर भर द्यायला सांगितलं. त्यामुळे फूट मोजत बसू नका. पिस्तूल आधीच हातात होतं का, मध्ये टेबल किंवा गाडी होती का, आणि अंतर कमी कोण करत होतं, एवढं बघा.

पाठलाग

रस्त्यावर टाकलेल्या काट्यांच्या पट्ट्यांमुळे टायर फुटत नाही. काटे पोकळ असतात, हवा हळूहळू निघते आणि गाडी ताबा न सुटता मंदावते. पट्टी ओलांडल्यावर गाडी लगेच थांबली नाही म्हणून डाव फसला असं नाही. मागच्या चाकाच्या मागे ढकलून गाडी फिरवण्याच्या डावाला पिट म्हणतात. अनेक खाती तो ताशी ३५ मैलांच्या, म्हणजे सुमारे ५६ किलोमीटरच्या आतच करू देतात. त्याहून वेगात, किंवा उंच एसयूव्हीवर केला तर गाडी उलटते.

मूळ कारण हुडकायचं काम पाठलागात सगळ्यात अवघड, कारण थरार ते झाकून टाकतो. जॉर्जियातल्या एका पाठलागात गाडी अडवण्याचं कारण ५५ मैलांच्या रस्त्यावर ७३ चा वेग एवढंच होतं. पोलिसाच्या धक्क्याने ड्रायव्हरला कायमचं अपंगत्व आलं. २००७ च्या 'स्कॉट विरुद्ध हॅरिस' निकालात सर्वोच्च न्यायालयाने आठ विरुद्ध एक मतांनी पोलिसाच्या बाजूने कौल दिला आणि टेप स्वतःच बोलते असा पवित्रा घेतला. नंतर संशोधकांनी तीच टेप १,३५० अमेरिकनांना दाखवली. बहुतेकांना न्यायालयाचं पटलं, पण सगळ्यांना नाही, आणि मतभेद लोकांच्या सामाजिक पार्श्वभूमीप्रमाणे पडले.

बेड्यांनंतर टीव्ही बंद करू नका

शोमध्ये बेड्यांचा खटका वाजला की प्रसंग संपतो. खरं तर जीवाला धोका असणारा एक टप्पा तिथून सुरू होऊ शकतो. धापा टाकणारा माणूस पालथा, पाठीवर वजन, हात मागे: अशाने श्वास कोंडतो. अमेरिकेच्या न्याय खात्याने याबद्दल १९९५ मध्येच सूचना काढली होती की बेड्या लागताच त्याला पोटावरून वळवा. म्हणून बेड्या ते कुशीवर किंवा बसतं करणं, हे अंतर वहीत वेगळं लिहा. 'श्वास घेता येत नाही' म्हणणाऱ्याला 'बोलतोयस म्हणजे श्वास चालू आहे' असं उत्तर मिळालं, तर ते वैद्यकीयदृष्ट्या चुकीचं आहे. चार शब्द बोलण्यापुरती हवा असूनही माणूस गुदमरू शकतो.

मार्च २०१९ मध्ये टेक्सासच्या विल्यमसन काउंटीच्या डेप्युटींनी (काउंटीच्या पोलिसांनी) हेडलाइट मंद केले नाहीत म्हणून हॅवियर अ‍ॅम्बलर यांच्या गाडीचा २२ मिनिटं पाठलाग केला. हृदयविकार आहे, श्वास घेता येत नाही असं सांगत असतानाही त्यांच्यावर टेझर वापरला गेला आणि त्यांचा मृत्यू झाला. 'लाइव्ह पीडी'ची टीम तिथे चित्रण करत होती. ते कधी दाखवलं गेलं नाही आणि पुढे नष्ट झालं. प्रकरण २०२० मध्ये उजेडात आल्यावर शो बंद झाला. दोन डेप्युटींवर खटला चालला आणि २०२४ मध्ये ज्युरीने त्यांना निर्दोष ठरवलं. दरम्यान टेक्सासने २०२१ मध्ये पोलीस खात्यांना अशा शोंसोबत करार करायला कायद्याने बंदी घातली.

कॅमेरा टीमलाही धोका असतोच. २०१४ मध्ये ओमाहातल्या एका रेस्टॉरंटमधल्या दरोड्याच्या वेळी 'कॉप्स'चा आवाज-तंत्रज्ञ पोलिसांच्याच गोळीने गेला. दरोडेखोराकडे खेळण्यातल्यासारखं एअरसॉफ्ट पिस्तूल होतं. घराच्या दारात कॅमेरा थबकलेला दिसला तर त्याचं कारण मात्र कायदेशीर असू शकतं: १९९९ च्या 'विल्सन विरुद्ध लेन' निकालाने वॉरंट घेऊन घरात शिरताना पत्रकारांना बरोबर नेणं घटनाबाह्य ठरवलं.

पुढे काय झालं ते कसं शोधायचं

पडद्यावरचे आरोप हे आरोपच असतात. हक्क वाचून दाखवले नाहीत म्हणून केस सुटली असंही धरू नका, कारण मिरांडा इशारा ताब्यात घेऊन चौकशी करायची असेल तेव्हाच लागतो. जागेवरच्या रासायनिक चाचणीवर तर मुळीच विसंबू नका. कोकेनसाठी निळी पडणारी चाचणी डायफेनहायड्रामिन या साध्या अ‍ॅलर्जीच्या औषधानेही निळी पडते. अंतिम शब्द प्रयोगशाळेचा.

शोध घेताना खातं, काउंटी आणि तारीख ही त्रयी आधी पक्की करा. गणवेशावरचा बिल्ला आणि गाडीच्या दारावरचं नाव यासाठी कामाला येतं. शोच्या प्रसारणाची तारीख आणि घटनेची तारीख यांत अनेक महिने असू शकतात. मग त्या काउंटीच्या न्यायालयीन नोंदींच्या संकेतस्थळावर खटला बघा: मूळ कलम कोणतं, ते बदललं का, खटला मागे घेतला का. फक्त 'विरोध केला' एवढंच कलम उरलं असेल, तर अटकेचं मूळ कारण काय होतं हा प्रश्न पुन्हा पहिल्या पानावर आणून ठेवतो. एखाद्या खाजगी माणसाचं नाव हाती लागलं तरी ते प्रतिक्रियांमध्ये टाकू नका. सुटलेल्या माणसाचा पिच्छाही तो व्हिडिओ सोडत नाही.

मूळ फुटेज मागायचं असेल तर केंद्राचा माहिती कायदा स्थानिक पोलिसांना लागू होत नाही, त्या त्या राज्याचा कायदा वापरावा लागतो. फ्लोरिडाचा बराच मोकळा आहे, म्हणून तिथले व्हिडिओ इतके दिसतात. अर्जात तारीख, वेळेचा पट्टा, जागा आणि घटना क्रमांक लिहा, आणि 'सर्व उपस्थित अधिकाऱ्यांचे बॉडीकॅम, डॅशकॅम आणि नियंत्रण कक्षाची नोंद' असं स्पष्ट मागा. नुसतं 'व्हिडिओ' मागितला की एकाच कोनाचा तुकडा हातावर ठेवला जाण्याची शक्यता असते. उशीर करू नका. पुरावा म्हणून खूण न केलेलं फुटेज ठरावीक मुदतीनंतर पुसलं जातं आणि ती मुदत प्रत्येक खात्याची वेगळी असते.